समान काम, समान वेतन आणि कारकुनाची फाइल
(मंडळाच्या व्याख्यानमालेतील भाषण)



आपल्या सभासदांपैकी अनेकांच्या घरी कोणी ना कोणी सरकारी लिपिक आहे, नाहीतर त्या परीक्षेची तयारी करीत आहे. म्हणून आज वेतनश्रेणीवरून कोर्टात जाणाऱ्या वादांविषयी चार शब्द बोलणार आहे. मी वकील नाही, बँकेतला कारकून आहे. आम्हा बँक कर्मचाऱ्यांचा पगार द्विपक्षीय करारातून ठरतो. असा पहिला करार १९६६ साली झाला. सरकारी लिपिकाचे तसे नाही. वेतन आयोग किंवा समिती शिफारस करते, सरकार ती पूर्ण किंवा अंशतः स्वीकारते आणि नियम काढते. महाराष्ट्रात असे सुधारित वेतन नियम १९९८, २००९ आणि २०१९ साली निघाले. दर वेळी जुन्या श्रेणी मोडून नव्या बसवल्या जातात. मग कालपर्यंत बरोबरीचा असलेला शेजारचा संवर्ग पुढे गेलेला दिसतो आणि वाद सुरू होतो.

समान कामाला समान वेतन हे तत्त्व संविधानाच्या ३९ व्या अनुच्छेदात आहे. पण ते मार्गदर्शक तत्त्व आहे. केवळ त्याच्या आधारे कोर्टात दाद मागता येत नाही. १९८२ साली रणधीरसिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ही अडचण दूर केली. दिल्ली पोलिसांतील एका वाहनचालक शिपायाला इतर सरकारी खात्यांतील वाहनचालकांपेक्षा कमी श्रेणी होती. न्यायमूर्ती चिन्नप्पा रेड्डी यांनी १४ व १६ या समानतेच्या अनुच्छेदांबरोबर ३९ वा अनुच्छेद वाचला आणि शिपायाला न्याय दिला.

या निकालानंतर अनेक संवर्गांनी कोर्टाची वाट धरली. परंतु सर्वांनाच यश आले नाही. १९८८ साली सीमाशुल्क व अबकारी खात्यातील लघुलेखकांनी केंद्रीय सचिवालयातील लघुलेखकांची श्रेणी मागितली. न्यायालय म्हणाले, काम वरून सारखे दिसले तरी जबाबदारी आणि विश्वासार्हता वेगळी असू शकते. मागणी फेटाळली गेली. त्याच वर्षी अलाहाबाद उच्च न्यायालयातील बेंच सेक्रेटरींनी सेक्शन ऑफिसरांएवढे वेतन मागितले. तेव्हा पदांचे मूल्यमापन हे वेतन आयोगासारख्या तज्ज्ञ मंडळाचे काम आहे, असे न्यायालयाने सांगितले.

यातून शिकण्यासारखी गोष्ट एकच. पदाचे नाव सारखे असून भागत नाही. नेमणुकीची पात्रता, रोजचे काम आणि जबाबदारी सारखी आहे, हे मागणाऱ्यालाच सिद्ध करावे लागते. २०१६ साली पंजाब राज्य विरुद्ध जगजितसिंग या निकालाने हंगामी कर्मचाऱ्यांनाही नियमित श्रेणीचे किमान वेतन मिळण्याचा मार्ग दाखवला; पण तेथेही नियमित कर्मचाऱ्याचेच काम आपण करतो, हे दाखवण्याची अट आहे. कंत्राटी किंवा तात्पुरती नोकरी पत्करणाऱ्या तरुणांनी हे नीट ध्यानात घ्यावे.

दुसरी गोष्ट वेळेची. वेतननिश्चिती चुकली असेल तर दर महिन्याला कमी पगार मिळताना नवे कारण घडते, असे १९९५ साली एम. आर. गुप्ता खटल्यात ठरले. म्हणून उशिरा गेलेल्याचा हक्क बुडत नाही, पण मागचा पैसा बुडतो. २००८ च्या तरसेमसिंग खटल्यात माजी सैनिकाने अपंगत्व निवृत्तिवेतनासाठी सुमारे १६ वर्षांनी दाद मागितली. त्याची थकबाकी तीन वर्षांपुरतीच मर्यादित झाली. राज्य सरकारी कर्मचाऱ्याने प्रथम महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जावयाचे असते. अंतिम आदेशापासून एक वर्ष ही तेथील सर्वसाधारण मुदत. अर्जाला उत्तरच आले नाही तर सहा महिने थांबून पुढचे वर्ष मोजतात. साहेब आज करतील, उद्या करतील, या आशेवर अर्जामागून अर्ज करीत बसू नये.

तिसरी गोष्ट वसुलीची. निवृत्तीच्या तोंडावर वेतन पडताळणीत हरकत निघते आणि जास्त दिलेली रक्कम परत मागितली जाते. मुलीचे लग्न, घराचे कर्ज यांचा हिशेब ज्या उपदानावर बसवलेला, त्यालाच कात्री लागते. २०१४ च्या रफिक मसीह निकालानुसार वर्ग तीन व चारच्या कर्मचाऱ्यांकडून, तसेच निवृत्त किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून अशी वसुली करता येत नाही. मात्र २०१६ साली एका न्यायिक अधिकाऱ्याच्या प्रकरणात, त्याने आधी लिहून दिलेल्या हमीपत्रामुळे वसुली कायम राहिली. तेव्हा वेतननिश्चितीच्या वेळी पुढे केलेला कागद वाचल्याशिवाय सही करू नका.

मित्रांनो, दिवसभर दुसऱ्यांच्या फायली नीट लावणारा आपला कारकून घरी स्वतःची एकही फाइल ठेवत नाही. नेमणुकीचा आदेश, कामवाटपाचा आदेश, सेवाप्रवेश नियम, वेतननिश्चितीचे पत्रक, सेवापुस्तकाची प्रत आणि दिलेल्या प्रत्येक अर्जाची पोचपावती एका ठिकाणी ठेवा. जे कार्यालयातून मिळत नाही ते २००५ च्या माहितीच्या अधिकाराखाली मागा. आपल्यासारखेच काम करणाऱ्या सहकाऱ्यांबरोबर संघटनेतून जा. खर्च वाटला जातो आणि धीरही राहतो.

संविधानाने समतेचा हक्क दिला आहे. तो मागण्यासाठी लागणारा कागद मात्र आपणच जपला पाहिजे. विद्यार्थ्यांनी नोकरीच्या पहिल्या दिवसापासून ही सवय लावून घ्यावी, एवढेच सांगतो आणि आपली रजा घेतो.