खिडकीजवळची खुर्ची



युनियनचा माणूस प्रेमकथेवर बोलणार म्हणून आज गर्दी झाली असावी, असा मला संशय आहे. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. बाकीचे युनियनच्या कचेरीत आणि लोकलगाडीत झाले. जपानी येत नाही. जुनिची वातानाबे यांची ‘शित्सुराकुएन’, म्हणजे ‘हरवलेला स्वर्ग’, ही कादंबरी मी इंग्रजीतून, शब्दकोश शेजारी ठेवून वाचली.

वातानाबे मूळचे शस्त्रवैद्य. कादंबरी पुस्तकरूपाने १९९७ साली आली आणि तिच्या वीस लाखांहून अधिक प्रती खपल्या. त्याच वर्षी चित्रपटही निघाला. लोक पुस्तकाच्या नावाचे क्रियापदच करून वापरू लागले! पण मला नवल वाटले ते निराळ्याच गोष्टीचे. ही कथा आधी क्रमशः छापली ती शेअरबाजाराचे भाव देणाऱ्या ‘निहोन केझाई शिंबुन’ या व्यापारी दैनिकाने. म्हणजे तिचे पहिले वाचक कंपन्यांतले नोकरदार.

नायक कुकी पन्नाशीतला, प्रकाशनसंस्थेतला संपादक. त्याला पदावरून हलवून एका अडगळीच्या विभागात बसवले आहे. जपानीत अशांना ‘मादोगिवा-झोकु’ म्हणतात, खिडकीशी बसणारी जमात. पगार चालू, काम नाही. रिंको ही डॉक्टरची पत्नी, सुलेखन शिकवणारी. दोघे भेटतात, गुंततात. कचेरीत निनावी पत्र येते. कुकी नोकरी सोडतो. शेवटी कारुइझावा या थंड हवेच्या गावी दोघे विष घेऊन मरतात. तिथेच १९२३ साली आरिशिमा ताकेओ हा लेखक एका विवाहित स्त्रीसह गळफास घेऊन मेला होता.

जोडीने मरण्याच्या कथा तिकडे जुन्या आहेत. चिकामात्सूच्या १७०३ सालच्या ‘सोनेझाकी शिंजू’ नाटकातला तोकुबेई सोया सॉसच्या दुकानातला कारकून. मित्र त्याचे पैसे गिळतो, वर त्यालाच खोटा पाडतो. त्याच्या सगळ्या वाटा बंद होतात, म्हणून तो ओहात्सूसह मरतो. हे मला लगेच समजले. कुकीला मात्र पैशाची ददात नाही. १९४७पर्यंत जपानात परपुरुषाशी संबंध ठेवणारी पत्नी गुन्हेगार ठरत असे. तो कायदाही गेलेला. (आपल्याकडचे व्यभिचाराचे कलम २०१८पर्यंत टिकले.) मग हा माणूस मरतो का? प्रेम शिगेला पोचले असताना, ते ओसरण्याआधी मरावे, असे लेखक सांगतो. मला ते पुरते पटले नाही. शिवाय कुकीच्या बायकोकडे लेखकाने फारसे पाहिलेलेच नाही, हा माझा राग आहे.

पण त्या खिडकीपाशी मी थबकलो. एका कारखान्यात आमच्या एका सभासदाला व्यवस्थापनाने आठ महिने नुसते स्टुलावर बसवले होते. पगार पूर्ण. तो माझ्याकडे आला तेव्हा मी म्हणालो, “पगार मिळतोय ना? मग बस की निवांत.” तो म्हणाला, “भाऊ, चूक करायलासुद्धा काम लागतं हो.” मी हसलो. पुढे कळले की तो रात्री अकरापर्यंत स्टेशनच्या बाकावर बसून राही. घरी गेल्यावर बायको ‘आज काय केलंत?’ विचारील, ही भीती. कुकीला निदान रिंको भेटली, असा एक वाईट विचार ही कादंबरी वाचताना माझ्या मनात आला.

पुढच्या मागणीपत्रात आम्ही पगारवाढीच्याही वर एक ओळ घातली : ‘या कामगारास काम द्यावे.’ कंपनीचे वकील चष्मा काढून म्हणाले, “ही कसली मागणी?” आमच्याही कमिटीतले दोघे तेच म्हणत होते. काम मिळाले, तोवर आणखी तीन महिने गेले होते.