तिकीट पक्षाचे, मत मतदाराचे

(कोल्हापूर येथे उपासक-उपासिकांसमोर दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आज मी आपणांस एका निवडणुकीची हकीगत सांगणार आहे. विहारात निवडणुकीचे काय काम, असे आपणांपैकी काहींना वाटेल. परंतु ज्याने धम्मदीक्षा घेतली, त्याने माणसाची थोरवी जन्मावरून ठरविण्याचे सोडून दिले. मग मत देतेवेळीही त्याने तोच नियम पाळावयास नको काय? ह्या प्रश्नाचा विचार करावा, म्हणून हा विषय मी निवडला आहे.

ही हकीगत दूरदेशीची नाही, आपल्याच जिल्ह्यातील आहे. कागल तालुक्यातील मुरगूडचे सदाशिवराव मंडलिक १९७२ साली कागलमधून प्रथम विधानसभेवर निवडून गेले. मध्यंतरी काही वर्षे ते विधानसभेबाहेर होते. १९८५ पासून १९९८ पर्यंत कागलचे प्रतिनिधित्व पुन्हा त्यांच्याकडे राहिले. राज्यमंत्रिपदही त्यांनी भूषविले. हमीदवाड्याचा सहकारी साखर कारखाना त्यांनीच उभारला. १९९८ साली ते काँग्रेसतर्फे कोल्हापुरातून लोकसभेवर गेले. पुढे राष्ट्रवादी काँग्रेस स्थापन झाली, तेव्हा ते त्या पक्षात गेले आणि १९९९ व २००४ साली पुन्हा निवडून आले.

२००९ ची निवडणूक आली, तेव्हा मंडलिक पंच्याहत्तरीच्या उंबरठ्यावर होते. पक्षाने त्यांना उमेदवारी नाकारली आणि कोल्हापूरच्या राजघराण्यातील संभाजीराजे छत्रपती यांना उभे केले. ज्या हसन मुश्रीफांना मंडलिकांनी राजकारणात पुढे आणले होते, तेही आता पक्षाच्या बाजूने त्यांच्या विरोधात होते. अशा वेळी वयोवृद्ध पुढारी बहुधा घरी बसतो, किंवा एखाद्या महामंडळाच्या आशेवर गप्प राहतो. मंडलिकांनी अपक्ष म्हणून अर्ज भरला. २३ एप्रिल २००९ रोजी मतदान झाले आणि १६ मे रोजी निकाल लागला. मंडलिकांना सुमारे ४ लाख २८ हजार मते पडली, तर संभाजीराजे यांना सुमारे ३ लाख ८३ हजार. शिवसेनेचे विजय देवणे तिसऱ्या क्रमांकावर राहिले. सुमारे ४५ हजारांच्या फरकाने अपक्ष उमेदवार खासदार झाला.

बंधुभगिनींनो, ह्या निकालाचा अर्थ आपण कसा लावावयाचा?

पहिली गोष्ट कृतज्ञतेची. राजर्षी शाहू महाराजांचे नाव आपल्या घराघरांत आहे आणि ते असलेच पाहिजे. २६ जुलै १९०२ रोजी त्यांनी आपल्या संस्थानात मागासलेल्या वर्गांसाठी पन्नास टक्के जागा राखून ठेविल्या. मार्च १९२० मध्ये माणगावच्या परिषदेत त्यांनी आपल्या बांधवांना सांगितले की, तुम्हांला तुमचा पुढारी डॉ. आंबेडकरांच्या रूपाने सापडला आहे. हे ऋण कोणी विसरू नये. परंतु शाहू महाराजांचे ऋण फेडावयाचे ते कसे? त्यांच्या घराण्यातील उमेदवाराला मत देऊन, की त्यांनी उघडलेल्या शाळांच्या आणि वसतिगृहांच्या वाटेने आपली मुलेमुली पुढे नेऊन? माणगावात स्वतः महाराजांनी तरी काय केले? छत्रपती असूनही त्यांनी ‘माझ्या मागे या’ असे म्हटले नाही. तुमचा पुढारी तुमच्यातच आहे, असे ते म्हणाले. २००९ साली संभाजीराजे यांना मत देणाऱ्याने चूक केली, असे माझे म्हणणे नाही. त्यांना मत न देणारा कृतघ्न ठरत नाही, एवढेच मला सांगावयाचे आहे. २५ नोव्हेंबर १९४९ रोजी संविधान सभेत बाबासाहेबांनी राजकारणातील भक्तीविषयी जो इशारा दिला, त्याचे मर्म हेच आहे. थोर पुरुषाविषयी आदर बाळगावा, परंतु आपले स्वातंत्र्य त्याच्या चरणी वाहू नये. मग ते त्याच्या वारसाच्या चरणी तर मुळीच वाहता येणार नाही.

दुसरी गोष्ट अपक्षाच्या बळाची. मंडलिक जिंकले म्हणून कोणीही अपक्ष उभा राहून जिंकेल, असा समज करून घेऊ नका. मान्यताप्राप्त पक्षाच्या उमेदवारास अर्जावर एक सूचक पुरतो, अपक्षास त्या मतदारसंघातील दहा मतदारांच्या सह्या लागतात. पक्षाचे चिन्ह वर्षानुवर्षे लोकांच्या डोळ्यांसमोर असते. अपक्षास चिन्ह मिळते ते अर्ज मागे घेण्याची मुदत संपल्यावर, आणि मग सुमारे पंधरा दिवसांत ते चंदगडपासून करवीरपर्यंत लाखो लोकांच्या ध्यानी आणून द्यावे लागते. २००९ साली लोकसभेची अनामत रक्कम दहा हजार रुपये होती, अनुसूचित जातीच्या उमेदवारास पाच हजार. २०१० पासून ती पंचवीस हजार आणि साडेबारा हजार झाली. (१९९० च्या दुरुस्तीनंतर अनुसूचित जातींमधून बौद्ध झालेल्यांनाही ही सवलत मिळते, हे लक्षात ठेवा.) एकूण वैध मतांच्या एक षष्ठांशाहून अधिक मते न मिळाल्यास पराभूत उमेदवाराची ही रक्कम सरकारजमा होते. मंडलिकांच्या पाठीशी कारखाना होता, गावोगावचा गट होता, चार दशकांच्या ओळखी होत्या. त्यांना तिकिटाची गरज नव्हती, कारण तिकिटाने जे मिळते ते त्यांनी आधीच जमविले होते. ज्याच्याजवळ जमीन नाही, कारखाना नाही, संस्था नाही, अशा आपल्या माणसाने केवळ रागापोटी अपक्ष अर्ज भरला, तर काय होईल ते मी सांगावयास नको.

मग आपले बळ कशात आहे? ह्याच मतदारसंघाचा इतिहास त्याचे उत्तर देतो. पहिल्या लोकसभेत प्राचार्य बाळासाहेब खर्डेकर अपक्ष म्हणून गेले. विद्वत्तेचा मान राखून लोकांनी त्यांना निवडले, ही भूषणाचीच गोष्ट होय. परंतु १९५७ साली कोल्हापूरच्या द्विसदस्य मतदारसंघातील राखीव जागेवर शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनचे शंकरराव दिगे निवडून आले. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात सर्व विरोधी पक्ष एकत्र आले होते आणि त्या एकजुटीत फेडरेशन आपल्या नावाने, आपल्या संघटनेसह उभे होते. एका माणसाच्या पुण्याईपेक्षा संघटना अधिक टिकाऊ असते. २००९ सालीच शेजारच्या हातकणंगले मतदारसंघातून शिरोळचे आमदार राजू शेट्टी शेतकऱ्यांच्या संघटनेच्या बळावर लोकसभेवर गेले, हे उदाहरणही विसरू नका.

तिसरी गोष्ट, संसदेत गेल्यावर अपक्ष करतो काय? १९५७ साली लोकसभेत बेचाळीस अपक्ष होते, २००९ साली केवळ नऊ. ५४३ जणांच्या सभागृहात नऊ माणसे सरकार पाडू शकत नाहीत. १९८५ च्या पक्षांतरबंदी कायद्याप्रमाणे अपक्ष म्हणून निवडून आलेला सदस्य नंतर कोणत्याही पक्षात शिरला, तर त्याची जागा जाते. त्याला बाहेरून पाठिंबा मात्र देता येतो. मंडलिकांनी काँग्रेसप्रणीत सरकारच्या बाजूने उभे राहणे पत्करले. म्हणजे मतदाराने पक्षाचा निर्णय नाकारून जो माणूस पाठविला, तो अखेर एका आघाडीच्याच आधाराने वावरला. त्यात मी त्यांस दोष देत नाही, सभागृहाची रचनाच तशी आहे. म्हणून अपक्षास मत देण्यापूर्वी एक प्रश्न अवश्य विचारावा : निवडून आल्यावर तुम्ही कोणाच्या बाजूस बसणार, आणि आमच्या कोणत्या कामासाठी?

हकीगतीचा शेवट अधिक बोधप्रद आहे. मार्च २०१५ मध्ये मंडलिक निवर्तले. त्यांचे पुत्र संजय मंडलिक २०१४ साली पराभूत झाले आणि २०१९ साली शिवसेनेतर्फे लोकसभेवर गेले. २०२४ साली काँग्रेसचे शाहू छत्रपती यांनी त्यांचा पराभव केला, आणि हे शाहू छत्रपती संभाजीराजांचे वडील. पंधरा वर्षांपूर्वी जी दोन घराणी समोरासमोर होती, तीच पुन्हा समोरासमोर आली. ज्यांच्या विजयात घराण्याचा पराभव दिसला, त्यांचेही घराणे झाले. ह्यात नवल नाही. कारखाना आणि गट ही मालमत्तेप्रमाणे मुलाकडे जातात. मत मात्र तसे जात नाही. ते दर निवडणुकीस मतदाराच्या हाती कोरे परत येते.

ते कोरे ठेवणे आपल्या हाती आहे. अमुक वाड्याची इतकी मते मी देतो, असे सांगून आपल्या नावाने सौदा करणारे मध्यस्थ प्रत्येक निवडणुकीत उगवतात. त्यांस साफ सांगा की, मत गुप्त आहे आणि ते घरातील प्रत्येक स्त्री-पुरुषाचे स्वतंत्र आहे. पतीने पत्नीचे ठरवू नये, बापाने सज्ञान मुलाचे ठरवू नये. उमेदवार दारी आला तर त्याचे घराणे विचारू नका, त्याचा पक्षही शेवटी विचारा. प्रथम विचारा की मुलांची शिष्यवृत्ती, स्मशानाची वाट, पाण्याचा नळ आणि अत्याचाराची नोंद ह्यांविषयी त्याने आजवर काय केले. जो उत्तर देईल, त्याचे उत्तर वहीत लिहून ठेवा, आणि पाच वर्षांनी ती वही घेऊन पुन्हा त्याच्यासमोर उभे राहा.

पक्षाने टाकलेल्या एका वृद्ध पुढाऱ्यास सव्वाचार लाख लोकांनी खासदार केले. तिकिटावर पक्षाचा अधिकार होता, मतावर नव्हता, एवढे त्यांनी सिद्ध केले. त्या मतदारांत आपलेही काही लोक असतील. त्यांनी मत कोणासही दिले असो, ते कोणाच्या सांगण्यावरून नव्हे तर स्वतः विचार करून दिले असेल, तर माझ्या दृष्टीने त्यांनी दीक्षेस शोभेल असेच वर्तन केले.

जय भीम.