एकतर्फी नजर

भोरच्या राजवाड्याला चित्रीकरण नवे नाही. त्यामुळे सिनेमा आणि माणसाचा खासगीपणा हा चित्ररसिकांच्या या संमेलनाचा आजचा विषय इथल्या लोकांच्या दारातलाच आहे.

१९६७ साली जपानमध्ये शोहेई इमामुरा यांचा ‘अ मॅन व्हॅनिशेस’ हा चित्रपट आला. बेपत्ता माणसाला त्याची वाग्दत्त वधू शोधत असते आणि छुपा कॅमेरा हळूहळू तिच्याच आयुष्यात शिरतो. त्याच वर्षी ‘रंगायन’ या नाट्यसंस्थेने विजय तेंडुलकरांचे ‘शांतता! कोर्ट चालू आहे’ रंगभूमीवर आणले. १९७१मध्ये सत्यदेव दुबे यांनी त्यावर चित्रपट केला. नाटकात गंमत म्हणून मांडलेल्या खटल्यात लीला बेणारेचे खासगी आयुष्य चव्हाट्यावर येते. तिकडे यंत्र, इकडे ओळखीची माणसे. पण अन्याय एकाच जातीचा. पाहणाऱ्याने हवे ते विचारावे, जिला पाहिले जाते तिने उलट विचारू नये. बेणारेचे दीर्घ मनोगत सुरू होते तेव्हा बाकीची पात्रे गोठलेली असतात. ते प्रेक्षकांपर्यंत पोचते, आरोप करणाऱ्यांपर्यंत नाही. माझ्या मते नाटकाचा खरा घाव तिथे आहे.

कोणी म्हणेल, खेड्यात कसला आलाय खासगीपणा? कोणाच्या चुलीवर काय शिजले, हे आळीभर ठाऊक असते. खरे आहे; पण शेजारणीला आपले ठाऊक तसे आपल्यालाही तिचे, आणि उद्या दोघींना एकमेकींना तोंड दाखवायचे असते. कॅमेरा संध्याकाळी गाडीत बसून निघून जातो. अर्थात आळीची नजरही बाईवर आणि दलितावर एकतर्फीच पडत आली आहे, हे विसरून चालणार नाही. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: परवानगी मागत बसलो तर वास्तव हाती कसे लागणार? नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’त (२०१३) जब्याचे कुटुंब डुकरे पकडत असते आणि गाव ते तमाशासारखे पाहते, शेवटी जब्याचा दगड थेट कॅमेऱ्यावर येतो. कोणाच्या घरात चोरून न शिरता, नटांकडून उभे केलेले हे दृश्य मला छुप्या चित्रीकरणाहून खरे वाटते, कारण पाहणाराही त्यात जाब देण्यास बांधला जातो.

सर्वोच्च न्यायालयाने २४ ऑगस्ट २०१७ रोजी खासगीपणा हा मूलभूत हक्क ठरवला. तो वाडीवस्तीवरच्या ओसरीपर्यंत पोचावा यासाठी संमेलनाने ठराव करावा, अशी माझी विनंती आहे. भोर-वेल्ह्यात कोणाच्या घरात कॅमेरा लावण्याआधी घरातल्या बाईलाही विचारावे, आणि चित्रपट बाहेर जाण्यापूर्वी त्या कुटुंबाला दाखवून त्यांची हरकत ऐकून घ्यावी. ठरावाचा मसुदा आपल्यापुढे ठेवतो आणि संमेलनाध्यक्षांना आसन ग्रहण करण्याची विनंती करतो.