ऑस्ट्रेलियाचा पंतप्रधान कोण बदलतें?



२३ जून २०१० या दिवशीं सकाळीं ऑस्ट्रेलियांतील लोक आपापल्या कामास लागले, तेव्हां केव्हिन रड हे त्यांचे पंतप्रधान होते. दुसऱ्या दिवशींचा सूर्य मावळण्यापूर्वीं ज्युलिया गिलार्ड यांनीं त्याच पदाची शपथ घेतलेली होती. मधल्या वेळांत निवडणूक झाली नाहीं, पार्लमेंटांत अविश्वासाचा ठराव आला नाहीं, कोणी पक्ष सोडला नाहीं. मजूर पक्षाचे सभासद एका खोलींत जमले, आणि रड यांनीं आपल्याला पुरेशीं मतें पडणार नाहींत हें ओळखून उमेदवारीच केली नाहीं. घर तेंच, घरांतील माणसें तींच. कारभारी तेवढा बदलला.

बारभाईंच्या कारस्थानाची गोष्ट लहानपणापासून ऐकलेल्या मराठी माणसाला यांत फारसें नवल वाटूं नये. परंतु ऑस्ट्रेलियांतील मतदारांना तें वाटलें, आणि रागहि आला. तो राग कितपत योग्य होता आणि त्यानें पुढें काय घडविलें, हें आज मला आपल्यापुढें मांडावयाचें आहे.

ऑस्ट्रेलियाची राज्यघटना १ जानेवारी १९०१ पासून अमलांत आहे. ती मुळापासून वाचली तरी ‘पंतप्रधान’ हा शब्द तींत कोठेंहि सांपडत नाहीं. प्रतिनिधिगृहांत ज्याच्या पाठीशीं बहुमत तो पंतप्रधान, ही ब्रिटिश रूढि. तिच्यावरच सारी भिस्त. आतां बहुमत असलेल्या पक्षाचा पुढारी कोणीं निवडावयाचा? तर त्या पक्षाच्या पार्लमेंटांतील सभासदांनीं. त्यांच्या बैठकीला लिबरल पक्षांत ‘पार्टी रूम’ म्हणतात आणि मजूर पक्षांत ‘कॉकस’. पुढाऱ्याची जागा रिकामी झाली असें जाहीर करण्याचा ठराव या बैठकींत आणतां येतो. त्याला तिकडच्या बोलींत ‘स्पिल’ म्हणतात, म्हणजे सांडणें. भांडें कलंडलें कीं आंतलें सांडतें, तशी जागा सांडते. मग जो तो ती भरावयास धांवतो.

सरकारें बदलण्याची संवय या देशाला पाळण्यांतच लागली. आरंभींच्या पार्लमेंटांत तीन पक्ष जवळजवळ समबल होते, आणि कोणाचेंच सरकार फार दिवस टिकेना. आल्फ्रेड डीकिन यांनीं १९०४ सालीं या अवस्थेला क्रिकेटची उपमा दिली: मैदानावर दोनांऐवजीं तीन संघ उतरले तर खेळ व्हावयाचा कसा? १९०९ सालीं मजूरेतर दोन पक्ष एक झाले तेव्हां कोठें डाव दोघांचा झाला. त्यानंतर सरकार बदलणें हें मुख्यतः मतदारांचें काम ठरलें. १९७५ सालीं गव्हर्नर-जनरल सर जॉन कर यांनीं व्हिटलम यांना बडतर्फ केलें, ती गोष्ट निराळी. तिच्यावर स्वतंत्र भाषण व्हावें इतकी ती मोठी आहे. आजचा विषय घरच्यांनींच घरच्याला काढण्याचा आहे.

त्याचा पहिला ठसठशीत प्रसंग १९७१ सालचा. हॅरोल्ड होल्ट हे पंतप्रधान १७ डिसेंबर १९६७ रोजीं समुद्रांत पोहावयास गेले ते परत आलेच नाहींत, आणि त्यांच्या जागीं जॉन गॉर्टन आले. १९७१ च्या मार्चांत त्यांचे संरक्षणमंत्री माल्कम फ्रेझर यांनीं त्यांच्यावर ठपका ठेवून राजीनामा दिला. १० मार्चला पक्षाच्या बैठकींत गॉर्टन यांच्यावरील विश्वासाचा ठराव मतास टाकला. ३३ मतें बाजूनें, ३३ विरुद्ध. नियमाप्रमाणें बरोबरी म्हणजे ठराव नापास. याला कांहीं विश्वास म्हणतां येत नाहीं, असें म्हणून गॉर्टन पायउतार झाले आणि विल्यम मॅकमहन पंतप्रधान झाले. मौज पुढेंच आहे. त्याच बैठकींत उपपुढारी म्हणून निवड झाली ती गॉर्टन यांचीच! नव्या मंत्रिमंडळांत त्यांना खातें मिळालें तेंहि संरक्षणाचें, म्हणजे ज्याच्यावरून हें सारें रामायण घडलें तेंच. हा संसार किती सुखाचा झाला असेल हें सांगावयास नको. ऑगस्टांत मॅकमहन यांनीं त्यांना काढून टाकलें, आणि पुढच्या वर्षींच्या डिसेंबरांत मतदारांनीं २३ वर्षें सत्तेवर असलेल्या त्या आघाडीलाच घरीं बसविलें.

विरोधी पक्षांतील बदल मात्र कधीं कधीं अचूक लागूं पडतो. ३ फेब्रुवारी १९८३ रोजीं फ्रेझर मुदतपूर्व निवडणूक मागावयास गव्हर्नर-जनरलकडे गेले. बिल हेडन यांच्याशीं गांठ आहे, ती सोपी आहे, हा त्यांचा हिशेब. त्याच दिवशीं हेडन यांनीं मजूर पक्षाचें पुढारीपण सोडलें आणि बॉब हॉक पुढें आले. गुरें हांकणाऱ्याच्या कुत्र्यानेंसुद्धां ही निवडणूक जिंकली असती, असे उद्गार हेडन यांनीं कडवटपणें काढले. ५ मार्चला हॉक जिंकले, आणि पुढें आणखी तीन निवडणुका त्यांनीं जिंकल्या.

पण त्याच हॉक यांचा शेवट कसा झाला पाहा. १९८८ सालीं सिडनींतील किरिबिली येथील सरकारी निवासस्थानीं त्यांनीं दोन साक्षीदारांसमक्ष आपले अर्थमंत्री पॉल कीटिंग यांना शब्द दिला होता कीं १९९० ची निवडणूक झाल्यावर मी बाजूला होईन. तो पाळला गेला नाहीं. देशांत मंदी आली होती. १९९१ च्या जूनमध्यें कीटिंग यांनीं आव्हान दिलें आणि ते ६६ विरुद्ध ४४ असे हरले. मंत्रिपद सोडून मागच्या बांकावर जाऊन बसले. आणि १९ डिसेंबरला ५६ विरुद्ध ५१ मतांनीं जिंकले. या भांडणांत सुंदर असें कांहीं नव्हतें. तरी सहा महिने तें चव्हाट्यावर चाललें होतें. कोण कोणाला कां काढतो आहे हें वर्तमानपत्र वाचणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक होतें. मग १९९३ च्या मार्चांत कीटिंग मतदारांपुढें गेले आणि लोकांनीं त्यांना निवडून दिलें.

२०१० सालीं नेमकें हेंच झालें नाहीं. रड यांनीं २००७ ची निवडणूक स्वतःच्या नांवावर लढविली होती. ‘केव्हिन ०७’ हीं अक्षरें छापलेले सदरे घालून कार्यकर्ते हिंडत होते. पुढें कर्बवायूच्या उत्सर्जनावरील योजना त्यांनीं लांबणीवर टाकली आणि खाणींच्या नफ्यावरील करावरून खाणमालकांशीं त्यांचें वाजलें, हें खरें. तरी पंतप्रधान आज जाणार आहे असें सामान्य माणसाच्या स्वप्नींहि नव्हतें. एक चांगलें सरकार वाट चुकूं लागलें होतें, एवढेंच स्पष्टीकरण गिलार्ड यांनीं दिलें. रड यांच्या कारभाराच्या पद्धतीविषयीं त्यांचे मंत्री मोकळेपणीं बोलले ते २०१२ च्या फेब्रुवारींत, म्हणजे वीस महिन्यांनीं. तोंवर लोकांनीं आपापलीं उत्तरें शोधलीं होतीं.

कायद्याची बाजू घेऊन कोणी म्हणेल कीं मतदार आपल्या मतदारसंघाचा प्रतिनिधि निवडतो, पंतप्रधान नव्हे. मग राग कशाचा? हें बरोबर आहे, आणि अपुरेंहि आहे. त्या देशांत मतदान सक्तीचें आहे. संघराज्याच्या निवडणुकांस तो कायदा १९२४ पासून लागू आहे, आणि न गेल्यास दंड भरावा लागतो. मेलबर्न-सिडनींत स्थायिक होऊन तेथील नागरिकत्व घेतलेल्या मराठी कुटुंबांनाहि तें चुकत नाहीं. शनिवारचा दिवस, शाळेच्या अंगणांत रांग, शेजारीं निखाऱ्यावर भाजले जाणारे सॉसेज, असा तो सोहळा असतो. तेथें सक्तीनें उभें करावयाचें, महिनाभर एकाच माणसाचें चित्र डोळ्यांपुढें नाचवावयाचें, आणि मग तो माणूस एका सकाळीं कारण न सांगतां नाहींसा करावयाचा, आणि वर घटनेचें कलम दाखवावयाचें, हें मला न्यायाचें वाटत नाहीं. पक्षाला पुढारी काढण्याचा अधिकार आहे. माझी तक्रार त्या अधिकाराविषयीं नाहीं, मौनाविषयीं आहे.

त्या मौनाची किंमत लगेच द्यावी लागली. २०१० च्या ऑगस्टांतील निवडणुकींत दोन्ही बाजूंना १५० पैकीं ७२-७२ जागा मिळाल्या, आणि ग्रीन पक्षाचा एक व तीन अपक्ष यांच्या आधारावर गिलार्ड यांनीं कसेंबसें सरकार बनविलें. २०१२ सालीं रड यांना त्यांनीं ७१ विरुद्ध ३१ मतांनीं हरविलें; २६ जून २०१३ रोजीं तेच रड त्यांच्यावर ५७ विरुद्ध ४५ मतांनीं उलटले; आणि सप्टेंबरांत मतदारांनीं दोघांच्याहि पक्षाला बाहेर काढून टोनी ॲबट यांना आणलें.

या गोंधळाला हंसत लिबरल पक्ष सत्तेवर आला, आणि स्वतः त्याच चिखलांत रुतला. ॲबट हे २००९ सालीं माल्कम टर्नबुल यांना ४२ विरुद्ध ४१, म्हणजे एका मतानें, हरवून पुढारी झाले होते. पंतप्रधान झाल्यावर २०१५ च्या प्रजासत्ताकपूर्व थाटांत शोभावें असें एक कृत्य त्यांनीं केलें: २६ जानेवारीला राणीचे पति प्रिन्स फिलिप यांना ‘सर’ ही पदवी देवविली. सारा देश अवाक् झाला. ९ फेब्रुवारीला त्यांच्याविरुद्ध स्पिलचा ठराव आला. समोर उमेदवार एकहि नाहीं, तरी ६१ विरुद्ध ३९! रिकाम्या खुर्चीला ३९ मतें पडलीं तेव्हांच शहाण्यानें काय तें ओळखावें. १४ सप्टेंबरला टर्नबुल यांनीं त्यांना ५४ विरुद्ध ४४ मतांनीं खालीं खेंचलें. न्यूजपोल या लोकमत-चांचणींत आपण लागोपाठ तीस वेळां मागें पडलों आहों, हें त्यांनीं दिलेल्या कारणांतील एक होतें. दुसऱ्याला लावलेलें माप आपल्याच घरीं येतें. २०१८ च्या एप्रिलांत टर्नबुल यांच्याहि तीस हारी भरल्या.

त्याच वर्षींच्या ऑगस्टांतील चार दिवस तर विलक्षणच होते. २१ तारखेला टर्नबुल यांनीं पीटर डटन यांना ४८ विरुद्ध ३५ असें हरविलें. २४ तारखेला ४५ विरुद्ध ४० मतांनीं जागा रिकामी ठरली. टर्नबुल उभे राहिले नाहींत, आणि स्कॉट मॉरिसन यांनीं डटन यांना हरविलें तेंहि ४५ विरुद्ध ४० असेंच. दीड कोटीहून अधिक मतदारांच्या देशांत तिघांनीं मन बदललें असतें तर पंतप्रधान दुसराच झाला असता. २०१० च्या जूनपासून तेथवर पंतप्रधान पांच वेळां बदलला, आणि त्यांतला एकच बदल मतदारांनीं केलेला होता.

अखेर दोन्ही पक्षांनीं स्वतःचेच हात बांधून घेतले. मजूर पक्षानें २०१३ च्या जुलैमध्यें ठरविलें कीं पदावरील पंतप्रधान काढावयाचा तर कॉकसच्या पाऊणशें टक्के सभासदांच्या सह्या हव्यात, आणि पुढाऱ्याच्या निवडींत निम्मा वांटा देशभरच्या साध्या सभासदांचा. पहिलीच निवड अशी झाली कीं साध्या सभासदांनीं अँथनी अल्बनीझी यांना पसंत केलें, पार्लमेंटांतल्यांनीं बिल शॉर्टन यांना; बेरजेंत शॉर्टन जिंकले आणि दोन निवडणुका हरेपर्यंत पुढारी राहिले. लिबरल पक्षानें २०१८ च्या डिसेंबरांत निवडणूक जिंकलेल्या पंतप्रधानासाठीं दोन-तृतीयांशांची अट घातली.

या बंधनांनीं स्थैर्य आलें, हें कबूल केलें पाहिजे. जॉन हॉवर्ड यांच्यानंतर पार्लमेंटाची एक पूर्ण मुदत, २०१९ ते २०२२, पंतप्रधान म्हणून पुरी करणारे पहिले मॉरिसन. पण हलवितां न येणारा पुढारी हेंहि एक संकटच. २०२० व २०२१ सालीं मॉरिसन यांनीं गुपचूप आणखी पांच खात्यांचे अधिकार स्वतःकडे घेतले. अर्थमंत्र्यालाहि पत्ता नव्हता कीं आपल्या खात्याला दुसरा धनी आहे. हें उघड झालें २०२२ च्या ऑगस्टांत, मतदारांनीं त्यांना घालविल्यानंतर. आणि नोव्हेंबरांत प्रतिनिधिगृहानें ८६ विरुद्ध ५० मतांनीं त्यांचा निषेध केला. सहकाऱ्यांना वेळीं कळतें तर त्यांनीं काय केलें असतें, तें सांगतां येत नाहीं. एवढें खरें कीं तोंवर त्यांच्या हातांतलें शस्त्र बोथट करून ठेवलेलें होतें. माझ्या मतें उंबरठा इतका उंच करण्यापेक्षां, काढणारांनीं आपलीं कारणें लेखी देऊन त्यांखालीं नांवानिशीं सही करावी, हा नियम अधिक उपयोगी पडला असता.

२०१३ सालीं साध्या सभासदांनीं निवडलेले आणि तरीहि हरलेले अल्बनीझी २०२२ सालीं पंतप्रधान झाले. ३ मे २०२५ च्या निवडणुकींत त्यांच्या पक्षाला १५० पैकीं ९४ जागा मिळाल्या. पंतप्रधान म्हणून लागोपाठ दोन निवडणुका जिंकणारे हॉवर्ड यांच्यानंतरचे ते पहिले. समोर लिबरल पुढारी होते ते पीटर डटन, २०१८ सालीं पांच मतांनीं पंतप्रधानपद हुकलेले. या वेळीं बंद खोली नव्हती. क्वीन्सलंडांतील डिक्सन मतदारसंघानें त्यांना त्यांच्या स्वतःच्या जागेवरूनच उठविलें. दहा दिवसांनीं लिबरल सभासद पुन्हां आपल्या बैठकींत जमले आणि सूसन ली यांना त्यांनीं पुढारी निवडलें, त्या पक्षाच्या इतिहासांतील पहिली स्त्री-पुढारी म्हणून. मतें पडलीं २९ विरुद्ध २५.