कर्ज फेडावे, पण हक्क सोडू नये

(खिदिरपूर येथे मराठी रेल्वे व टपाल कामगारांच्या सभेत शाखा सचिवांनी केलेले भाषण)



शेजारच्या गार्डन रीचला दक्षिण पूर्व रेल्वेचे मुख्यालय आहे. २००३ सालापर्यंत नागपूर विभागही याच मुख्यालयाखाली होता. म्हणून आपल्यापैकी अनेकांना नागपूरही ठाऊक आणि खिदिरपूरही. दोन्हीकडे कामगाराच्या मागे कर्ज लागलेलेच आहे.

एकेकाळी पगाराच्या दिवशी सावकार कारखान्याच्या फाटकावर उभा असे. १९२९ साली नेमलेल्या शाही कामगार आयोगाने ही स्थिती पाहिली. त्या आयोगात आपले ना. म. जोशी सदस्य होते. १९३१ साली अहवाल आला. त्यानंतर बंगालमध्ये १९३४ साली आणि मध्य प्रांतात १९३७ साली कायदे झाले. वसुलीसाठी कामगाराला गाठून त्रास देणे गुन्हा ठरला.

आज सावकाराच्या जागी बँका आणि फायनान्स कंपन्या आल्या. पण न्यायालयाचा दरवाजा उघडा आहे. बँक ऑफ कोचीनच्या खटल्यात १९८० साली न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी सांगितले की, केवळ पैसे फेडता आले नाहीत म्हणून कोणाला तुरुंगात टाकता येत नाही. ऐपत असून लबाडीने टाळले, हे सिद्ध व्हावे लागते. वसुलीसाठी गुंड पाठवण्यावर सर्वोच्च न्यायालयाने २००७ साली आयसीआयसीआय बँकेच्या खटल्यात कडक ताशेरे ओढले. घर तारण असेल तर २००२ चा सरफेसी कायदा लागतो. त्यात दाद मागण्याआधी मागणीच्या ७५ टक्के रक्कम भरण्याची अट होती. ती २००४ साली सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. बँकेची नोटीस आली की ६० दिवसांची मुदत असते. त्या मुदतीत लेखी हरकत घ्या, बँकेला कारणांसह उत्तर द्यावेच लागते. ताबा घेण्याची कारवाई झाली, तर ४५ दिवसांत कर्ज वसुली न्यायाधिकरणाकडे जाता येते.

पगाराचे काय? दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ६० प्रमाणे पहिले १,००० रुपये आणि उरलेल्याचे दोन तृतीयांश यांना जप्तीत हात लावता येत नाही. हिशेबात धरलेला पगार ३१,००० असेल, तर २१,००० तुमचे, जप्ती फार तर १०,००० वर. तीही एका हुकूमनाम्यासाठी एकूण २४ महिनेच. भविष्य निर्वाह निधी, पेन्शन आणि ग्रॅच्युइटी जप्तीबाहेर आहेत. निवृत्तीची ही रक्कम मुदत ठेवीत ठेवली तरी तिचे संरक्षण जात नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने पंजाब नॅशनल बँकेच्या एका खटल्यात म्हटले आहे.

आता माझी एक चूक सांगतो. आमच्या शाखेतील एक पॉइंट्समन सोबत्याला जामीन राहिला. सोबत्याने हप्ते थकवले. समन्स जामीनदाराच्या घरी आले. तो मला म्हणाला, “पैसे मी कुठे घेतले?” मीही कामाच्या गडबडीत म्हणालो, “बघू पुढे.” तारखेला कोणी गेले नाही. एकतर्फी निकाल लागला. तो रद्द करून घ्यायला ३० दिवस होते, तेही निघून गेले. पगारावर जप्ती आली, तेव्हा आम्ही वकिलाकडे धावलो. कायद्यापेक्षा जास्त कापले जाऊ नये, एवढेच हाती राहिले होते. दोन वर्षे त्या घराने ओढाताण सोसली. जामीनदाराची जबाबदारी कर्जदाराइतकीच असते, हे सही करण्यापूर्वी त्याला कोणी सांगितले नव्हते. ते सांगणे माझे काम होते.

म्हणून सांगतो. घेतलेले कर्ज फेडायचेच. आपल्या पतपेढ्याही त्यावरच चालतात. पण कोऱ्या कागदावर सही करू नका, जामीन राहताना करार वाचा, आणि नोटीस किंवा समन्स आले की त्याच दिवशी युनियनच्या कार्यालयात या. लपवू नका, लाजू नका. कायदा आपल्या बाजूने आहे, पण तारीख चुकवणाऱ्यासाठी तो थांबत नाही.

कामगार एकजुटीचा विजय असो!