फी भरली, पण राहायचे कोठे?

(माजी सैनिक व त्यांच्या कुटुंबीयांसमोर दिलेल्या व्याख्यानाचा संपादित मजकूर)



आजच्या विषयाचे नाव ऐकून काहींच्या मनात प्रश्न आला असेल. शिकायला गेलेल्या माजी सैनिकाला मिळणारा घरभाडे भत्ता आणि तोही अमेरिकेतला! सैनिकांवर बोलायचे तर शौर्यावर बोलावे, सीमेवर बोलावे, ही भाड्याची गोष्ट कशाला? परंतु सैनिक जेव्हा गणवेश उतरवून ठेवतो, तेव्हा त्याच्यापुढे उभा राहणारा पहिला प्रश्न शौर्याचा नसतो. उद्यापासून कोठे राहायचे आणि काय करायचे, हा असतो. हारतुरे दोन दिवसांत सुकतात. या साध्या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी एका धनाढ्य राष्ट्राने जवळजवळ पाऊणशे वर्षे धडपड केली, अनेक चुका केल्या, काही सुधारल्या. त्या चुकांची किंमत आपल्या तरुणांनी पुन्हा मोजू नये, एवढ्याचसाठी हा विषय घेतला आहे. अमेरिकेचे गोडवे गाण्याचा माझा हेतू नाही. गोडवे गावेत असे त्यांनी सुरुवातीला काही केलेही नव्हते.

पहिल्या महायुद्धातून परतलेल्या सैनिकांना अमेरिकेने १९२४ साली एक कायदा करून बोनस देऊ केला. पण तो हाती पडायचा होता १९४५ साली. दरम्यान महामंदी आली. १९३२ च्या उन्हाळ्यात हजारो बेकार माजी सैनिक बायकामुलांसह राजधानी वॉशिंग्टनमध्ये जमले आणि आमचे पैसे आताच द्या, असे म्हणत झोपड्या बांधून राहिले. २८ जुलै रोजी सरकारने त्यांच्यावर लष्कर सोडले. त्या लष्कराचे नेतृत्व जनरल मॅकआर्थर करीत होते. झोपड्या जळाल्या. ज्यांनी राष्ट्रासाठी युद्ध केले, त्यांच्याच डोक्यावरचे फाटके छप्पर राष्ट्राच्या सेनेकडून गेले! ही लाज त्या देशाच्या मनातून गेली नाही. म्हणून दुसरे महायुद्ध संपण्याच्याही आधी, २२ जून १९४४ रोजी, अध्यक्ष रूझवेल्ट यांनी ज्या कायद्यावर स्वाक्षरी केली, तो पुढे ‘जीआय बिल’ या नावाने प्रसिद्ध झाला.

या कायद्यातील एक गोष्ट फार सूज्ञपणाची होती. शिक्षणाचे शुल्क, वर्षाला ५०० डॉलरपर्यंत, सरकार थेट महाविद्यालयाला देई. आणि त्याखेरीज सैनिकाच्या स्वतःच्या हातात निर्वाहासाठी दरमहा ५० डॉलर पडत. कुटुंब असेल तर ७५. म्हणजे शिकणाऱ्याला फी लागते, तसे घरही लागते, हे कायद्याने मान्य केले होते. त्या वेळी काही मोठ्या विद्यापीठांच्या प्रमुखांनी नाके मुरडली होती. बेकार सैनिकांमुळे विद्यापीठांच्या धर्मशाळा होतील, अशी भीती शिकागो विद्यापीठाच्या प्रमुखांनी बोलून दाखविली होती. प्रत्यक्षात काय झाले? सुमारे १ कोटी ६० लाख सैनिकांपैकी जवळपास ७८ लाखांनी शिक्षणाचा वा प्रशिक्षणाचा लाभ घेतला, त्यांतले सुमारे २२ लाख महाविद्यालयांत गेले. १९४७ साली तेथील महाविद्यालयांतले जवळजवळ निम्मे विद्यार्थी माजी सैनिक होते. वसतिगृहे अपुरी पडली, तेव्हा लष्कराच्या पत्र्याच्या अर्धगोल बराकी आणि चाकांवरची घरे आणून विद्यापीठांच्या मैदानांत उभी केली गेली. बाळ पाळण्यात, बाप पुस्तकात, असे ते दृश्य होते.

याच कायद्याचा दुसरा चेहराही सांगितला पाहिजे. अंमलबजावणी स्थानिक बँका व संस्थांच्या हाती होती आणि दक्षिणेकडील राज्यांत कृष्णवर्णीय सैनिकांना त्यांनी दाराबाहेरच ठेवले. मिसिसिपी राज्यात १९४७ साली या योजनेखाली घर, शेती व व्यवसायासाठी जी तीन हजारांवर कर्जे हमीने दिली गेली, त्यांतली कृष्णवर्णीयांच्या वाट्याला आली फक्त दोन. एकाच ध्वजाखाली लढलेल्यांत रंगावरून भेद करणारा समाज स्वतःला राष्ट्र म्हणवतो, तेव्हा त्या शब्दात खोट राहते. जातिभेद गाडून समाज एकरस करावयाचा, असे म्हणणाऱ्या आपण हे विशेष लक्षात ठेवावे.

पुढे मात्र गाडी घसरली. काही शिक्षणसंस्थांनी सैनिकांच्या नावावर शुल्क फुगविल्याच्या तक्रारी आल्या. म्हणून कोरियाचे युद्ध चालू असतानाच, १९५२ च्या कायद्याने दोन्ही पैसे एकत्र केले : एकट्या सैनिकाला महिन्याला ११० डॉलर घ्या आणि त्यातच फी, घर, जेवण काय ते भागवा. व्हिएतनामच्या वेळी १९६६ साली ही रक्कम १०० डॉलरवर सुरू झाली. त्यानंतरच्या १९८४ च्या कायद्यात तर सैनिकाच्याच पगारातून बारा महिने दरमहा १०० डॉलर कापून घेऊ लागले. देणारा आधी स्वतःच देणगी घेतो, हा प्रकार अजब खरा. शिवाय रक्कम सर्वत्र सारखी. न्यूयॉर्कमध्ये शिका किंवा आडगावात; भाडे मात्र सर्वत्र सारखे नसते!

व्हिएतनाममध्ये लढलेले सिनेटर जिम वेब यांनी हा प्रश्न पुन्हा हाती घेतला. इतकी चांगली सवलत दिली तर जवान सैन्य सोडून जातील, अशी शंका तेथील संरक्षण खात्याने काढली होती. ती बाजूला सारून ३० जून २००८ रोजी नवा कायदा झाला आणि १ ऑगस्ट २००९ पासून लागू झाला. घरभाडे भत्त्याची आजची पद्धत या कायद्यातून आली आहे, म्हणून ती जरा निवांतपणे समजून घेऊ.

पहिले म्हणजे शुल्क आणि घर पुन्हा वेगळे झाले. सरकारी विद्यापीठात त्या राज्यातील रहिवाशांना लागणारे शुल्क पूर्णपणे महाविद्यालयाला जाते. खासगी संस्थेसाठी वार्षिक मर्यादा आहे. घरभाडे मात्र थेट सैनिकाच्या बँक खात्यात येते. ते किती? सेवेतील, कुटुंब असलेल्या सार्जंटला त्या गावी जेवढा घरभाडे भत्ता मिळतो, तेवढे. सार्जंट म्हणजे साधारण आपल्या हवालदाराच्या तोडीचा दर्जा. आता यातली खुबी पाहा. विद्यार्थी सैन्यात साधा शिपाई होता की मोठा अधिकारी, हे विचारले जात नाही. तो अविवाहित आहे का, हेही विचारले जात नाही. त्यालाही कुटुंबवाल्याचाच दर. आणि गाव कोणते धरायचे, तर तो जेथे प्रत्यक्ष वर्गात बसतो, त्या जागेच्या पिनकोडचे. महागड्या शहरात भत्ता आपोआप मोठा, लहान गावात बेताचा. म्हणजे दान किती द्यायचे हे दात्याच्या मनावर नाही. घरमालक किती मागतो, यावर ठरते.

मात्र भत्ता पुरा मिळायला तीन गाळण्यांतून जावे लागते. एक गाळणी सेवेची : छत्तीस महिने सेवा झाली असेल तर शंभर टक्के, चोवीस महिने झाली तर ऐंशी, नव्वद दिवसांवर झाली तर पन्नास. युद्धात जखमी होऊन ‘पर्पल हार्ट’ पदक मिळविलेल्याला सेवा कितीही असो, शंभर टक्के. दुसरी गाळणी अभ्यासाची. पूर्णवेळ म्हणजे सत्राला बारा श्रेयांक धरले, तर निम्म्याहून अधिक अभ्यास घेतलाच पाहिजे. सहा श्रेयांक घेतले की भत्ता शून्य. सात घेतले की साठ टक्के. नऊ घेतले की पाऊणपट होते, पण जवळच्या दहाच्या पटीत धरून ऐंशी टक्के मिळतात. ज्याची सेवा चोवीस महिने आणि श्रेयांक नऊ, त्याला ऐंशीचे ऐंशी टक्के, म्हणजे पुऱ्या भत्त्याचे चौसष्ट टक्के. तिसरी गाळणी वर्गाची : सगळेच शिक्षण घरबसल्या संगणकावर घेतले तर देशाच्या सरासरी दराच्या निम्मेच मिळते, पण एक जरी विषय प्रत्यक्ष वर्गात बसून घेतला, तरी त्या गावचा दर लागू होतो. हा सारा लाभ छत्तीस महिन्यांचा, म्हणजे नऊ-नऊ महिन्यांच्या चार शैक्षणिक वर्षांचा.

कागदावर इतकी सुरेख दिसणारी ही व्यवस्था कोठे अडते? जेथे शासनाची वही संपते आणि माणसाचे जीवन चालूच राहते, तेथे. भत्ता महिना सरल्यावर मिळतो. वर्ग २५ ऑगस्टला सुरू झाले, तर सप्टेंबरच्या आरंभी हाती पडते ते फक्त ऑगस्टच्या सात दिवसांचे. घरमालकाला मात्र भाडेकरार करतानाच अनामत आणि पहिले भाडे लागते. दोन सत्रांच्या मधल्या सुट्टीचे पैसे पूर्वी मिळत; ऑगस्ट २०११ पासून ते बंद झाले. म्हणजे डिसेंबरच्या मध्यापासून जानेवारीच्या मध्यापर्यंत विद्यार्थ्याला घर आहे, पण घराचा पैसा नाही. नाताळात कोणताच घरमालक भाडे माफ करीत नाही!

आणि २०१८ मध्ये तर याहून मोठा गोंधळ झाला. त्याच्या आदल्या वर्षी, १६ ऑगस्ट २०१७ रोजी, अध्यक्ष ट्रम्प यांनी एक सुधारणा कायदा मंजूर केला. विद्यापीठाचे मुख्यालय न धरता विद्यार्थी जेथे वर्गात बसतो तीच जागा धरावी, हा नियम त्यातूनच आला. हेतू चांगला, पण माजी सैनिकांच्या खात्याची संगणक यंत्रणा त्या गणितासाठी तयार नव्हती. पैसे अडकले, उशिरा आले, कमी आले. हजारो विद्यार्थ्यांना झळ बसली, अनेकांचे भाडे थकले आणि अखेर नियमाची अंमलबजावणीच पुढे ढकलावी लागली. सैनिकाविषयी कृतज्ञता नव्हती असे नाही. निधीही होता. त्या महिन्यात भाडे भरून देणारे जवळचे कोणी मात्र अनेकांना नव्हते. गावापासून दूर, कुटुंबापासून तुटलेला तरुण तेथे पुष्कळदा सर्वस्वी सरकारी धनादेशावर टांगलेला असतो. घर, आप्त, शेजार ही जी आपली जुनी आधारव्यवस्था आहे, तिला मागासलेपणा समजणाऱ्यांनी या प्रसंगाचा विचार करावा.

आता आपल्याकडे वळू. आपला जवान आजवर पंधरा-सतरा वर्षे सेवा करून, निवृत्तिवेतन घेऊन, पस्तिशी-चाळिशीत घरी येत असे. तो महाविद्यालयात जाईल, अशी कल्पनाच नव्हती. म्हणून आपल्या बहुतेक शैक्षणिक योजना त्याच्या मुलांसाठी आहेत : पंतप्रधान शिष्यवृत्ती योजनेत २०१९ पासून मुलींना दरमहा ३००० व मुलांना २५०० रुपये मिळतात, आपल्या राज्यात सैनिकी मुलामुलींची वसतिगृहे आहेत. जून २०२२ मध्ये अग्निपथ योजना जाहीर झाली आणि चित्र बदलले. योजनेच्या गुणदोषांवर पुष्कळ वाद झाला. तो आजचा विषय नव्हे. घोषणेनुसार चार वर्षांनंतर पंचवीस टक्क्यांपर्यंत अग्निवीर सैन्यात कायम होतात, बाकीचे सुमारे ११ लाख ७१ हजारांचा सेवानिधी घेऊन परततात. लष्करातल्या पहिल्या तुकड्यांचे प्रशिक्षण २०२३ च्या आरंभी सुरू झाले. त्यामुळे त्यांची चार वर्षे २०२६ च्या अखेरीपासून पुरी होऊ लागतात. हा तरुण बावीस ते सत्तावीस वर्षांचा असेल. म्हणजे थेट त्या जीआय बिलाच्या विद्यार्थ्याच्या वयाचा. सेवेतील प्रशिक्षणाला पदवीचे निम्मे श्रेयांक देण्याची सोय इंदिरा गांधी मुक्त विद्यापीठाच्या अभ्यासक्रमात केलेली आहे, हे उत्तमच झाले. पण साताऱ्याच्या अपशिंग्याचा मुलगा, ज्या गावाला लोक ‘अपशिंगे मिलिटरी’ म्हणूनच ओळखतात, तो पुण्याला अभियांत्रिकी वा परिचर्या शिकायला आला, तर तो राहणार कोठे? कॉट बेसिसवर खोली आणि खानावळ धरली, तर सेवानिधीतूनच महिन्यामागून महिने पैसा झिरपत जाणार. बहिणीचे लग्न, घराची गळकी कौले आणि बापाचे कर्जही त्याच निधीकडे डोळे लावून असतात.

फी माफ करून भागत नाही, छप्पर द्यावे लागते, हे महाराष्ट्राला अमेरिकेकडून शिकण्याचे कारण नाही. राजर्षी शाहू महाराजांनी १९०१ पासून कोल्हापुरात वसतिगृहे उभारली ती हेच ओळखून. कर्मवीर भाऊरावांनी १९२४ साली साताऱ्यात सर्व जातींच्या मुलांना एका छताखाली ठेवणारे बोर्डिंग काढले ते हेच ओळखून. पुण्यात १९५५ पासून विद्यार्थी साहाय्यक समिती खेड्यातल्या मुलांना आसरा देते आहे. त्याही आधी वार लावून जेवणारे विद्यार्थी आपल्या घराघरांत होते. आपल्यातल्या कितीतरी नामवंतांचे आजोबा तसे शिकलेले आहेत.

शासनाने घरभाडे भत्ता सुरू करावा, अशी मागणी आपण अवश्य करू. करताना एवढे मात्र नीट मागू : रक्कम शिक्षणाच्या गावातील भाड्यावर ठरावी, ती महिन्याच्या आरंभी मिळावी आणि सुट्टीत खंडित होऊ नये. परंतु शासनाचा निर्णय होईपर्यंत एक अडचण आपल्या दाराशी येऊन उभी राहते. अग्निवीर हिवाळ्यात घरी परततो आणि आपल्या महाविद्यालयांचे प्रवेश होतात जून ते ऑगस्टमध्ये. मधल्या सहा-सात महिन्यांत त्याने प्रवेशपरीक्षेची तयारी शहरात राहून करावी, की गावी बसून हाताला लागेल ती रखवालदाराची नोकरी धरावी? हे सहा महिने निसटले, की बहुधा शिक्षणच निसटते.

ज्यांची मुले परदेशी आहेत आणि घरातली एक खोली रिकामी आहे, अशी कुटुंबे या सभेत थोडी नसतील. व्यवस्था करणाऱ्यांनी दाराजवळच्या टेबलावर एक वही ठेवली आहे. तिच्यात नाव, पत्ता, खोली कोणत्या महिन्यापासून देता येईल आणि जेवणाची सोय होईल की नाही, एवढे चार रकाने आहेत. जाताना ती पाहून जावी.