मुदत संपली की काढून टाकले?



मुलाला नोकरी लागली की आपण पेढे वाटतो. नेमणुकीचा कागद मात्र कोणी नीट वाचत नाही. 'तात्पुरती', 'करारावर', 'अमुक तारखेपर्यंत' हे शब्द त्यातच असतात. ही करारावरची नोकरी मुदतीआधी तोडली जाते, तेव्हा माणसाला काय विचारले जावे, याविषयी आज बोलणार आहे.

माझाच अनुभव सांगतो. बी.एड. झाल्यावर एका शाळेने मला दहा महिन्यांच्या करारावर घेतले. सातव्या महिन्यात पत्र हातात पडले: 'परीक्षेच्या कामात गैरप्रकार केल्याने आपली सेवा आजपासून समाप्त करण्यात येत आहे.' गुणपत्रकात एका मुलाचे गुण खोडून वाढवले होते. ते अक्षर माझे नव्हते. समोर बसवून दहा मिनिटे विचारले असते तरी उलगडा झाला असता. कोणी विचारलेच नाही. गेला तो पगार तीन महिन्यांचा. पण पुढच्या दोन मुलाखतींत 'मुदतीआधी का सुटलात?' असे विचारले गेले आणि मला उत्तर सुचेना. अब्बा तर कित्येक दिवस बाजारातून जाणे टाळीत.

आता कायद्याचे पाहू. कराराची मुदत संपली, तर नोकरी पुढे चालू ठेवा असे म्हणण्याचा हक्क सहसा नसतो. सरकारी नोकऱ्यांबाबत सर्वोच्च न्यायालयाने 2006 साली कर्नाटकातील एका खटल्यात हे स्पष्ट केले. कटू आहे, पण तुम्ही ते जाणून असावे.

परंतु मुदत संपणे वेगळे आणि ठपका ठेवून काढणे वेगळे. सरकारी नोकर तात्पुरता असला, तरी शिक्षा म्हणून त्याला काढायचे असेल तर त्याचे म्हणणे ऐकलेच पाहिजे, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने 1957 सालीच मांडले. 1999 साली कलकत्त्याच्या एका राष्ट्रीय संशोधन केंद्राच्या खटल्यात न्यायालय आणखी पुढे गेले. काढण्याच्या आदेशाची भाषा सौम्य असली, तरी त्यात उल्लेखिलेल्या दुसऱ्या कागदात कलंक असेल, तर तो कलंकच. पुढचा मालक तो कागद मागणारच ना? त्याआधी 1986 साली, कारण न देता केवळ नोटीस देऊन कायम नोकरासही काढता येईल असा सेंट्रल इनलँड वॉटर ट्रान्सपोर्ट कॉर्पोरेशन या सरकारी कंपनीचा नियमच न्यायालयाने रद्द ठरवला होता.

महाराष्ट्रातील खाजगी शाळांसाठी 1977 चा कायदा व 1981 चे नियम आहेत. गैरवर्तनासाठी बडतर्फ करायचे तर आरोप लेखी द्यावे लागतात, खुलासा घ्यावा लागतो, चौकशी समिती नेमावी लागते. त्या समितीत कर्मचाऱ्याने सुचवलेला एक सदस्य असतो, ही मला फार शहाणपणाची तरतूद वाटते. काढून टाकल्यास आदेश मिळाल्यापासून तीस दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते. मला ही मुदत ठाऊक नव्हती. ठाऊक झाली तेव्हा चौथा महिना चालू होता.

म्हणून तरुण मित्रांनो, पत्र हाती आले की रागाने फाडू नका. त्यावर पोचल्याची तारीख घाला. आरोप लेखी मागा, उत्तर लेखी द्या, पोच घ्या. कोऱ्या कागदावर किंवा तयार राजीनाम्यावर सही करू नका, कितीही गोड बोलून मागितली तरी.

व्यवस्थापनातील वडीलधाऱ्यांनाही एक विनंती आहे. माणूस नको असेल तर मुदत संपू द्या, चांगले दोन शब्द लिहून निरोप द्या. त्याने काही केले आहे अशी शंका असेल, तर आधी त्याला खुर्ची द्या आणि विचारा.

सभा संपल्यावर मी शिक्षकांच्या खोलीत तासभर थांबणार आहे. ज्यांच्या घरी असा नेमणुकीचा किंवा काढल्याचा कागद असेल, त्यांनी तो घेऊन यावे. आपण मिळून वाचू.